ल्युद्मिला गुर्चेंको : एका हंसऱ्या नटीची परवड

रसशास्त्रकारांनीं हास्यास नवरसांत स्थान दिलें खरें. पण पंक्तींत त्याचें पान नेहमींच थोडें बाजूस मांडलें गेलें. वीर किंवा करुण यांच्या मानानें हास्य हा पोरकट रस, अशी समजूत आपल्या टीकाकारांत आहे, आणि ती केवळ आपल्याच टीकाकारांत आहे असें नाहीं. वर्गांत शेक्सपिअर शिकवितांना आम्हांस दरवर्षीं हा अनुभव येतो कीं, 'हॅम्लेट'विषयीं बोलूं लागलों म्हणजे विद्यार्थी लेखण्या सरसावून बसतात आणि 'ट्वेल्फ्थ नाइट'कडे वळलों कीं लेखण्या खालीं ठेवून खुशाल हंसूं लागतात. जणूं काय जें हंसवितें तें टिपून घेण्याजोगें नसतेंच! ही समजूत एखाद्या कलावंताच्या आयुष्यांतील ऐन उमेदीचीं पंधरा वर्षें कशी खाऊन टाकूं शकते, याचें एक ठसठशीत उदाहरण आम्हांस रशियन रजतपटावर आढळलें. तेंच आज वाचकांपुढें मांडण्याचें योजिलें आहे.

ल्युद्मिला मार्कोव्ना गुर्चेंको हें नांव आपल्याकडे फारसें कोणास ठाऊक नाहीं. रशियांत मात्र तें घरोघरीं पोंचलेलें आहे. १२ नोव्हेंबर १९३५ रोजीं खारकोव्ह शहरीं, म्हणजे त्या वेळच्या सोव्हिएट संघराज्यांतील युक्रेनमध्यें, तिचा जन्म झाला आणि ३० मार्च २०११ रोजीं मॉस्को येथें ती वारली. तिच्याविषयीं लिहिणारे बहुतेक लोक तिच्या कारकीर्दीचे दोन सोयीस्कर तुकडे पाडतात. आधीं ती एक उथळ, नाचरी-गाती पोर होती. मग उपेक्षेच्या भट्टींत तावून सुलाखून निघाली आणि थोर नटी झाली, असा या कथेचा सारांश. कथा गोड आहे, बोधप्रदही आहे. पण आमच्या मतें ती खरी नाहीं. गुर्चेंकोबाईंच्या ठायीं जो हलकेपणा होता, तोच तिच्या कलेचा मूळ कंद होता. तो तिनें कधींच टाकला नाहीं. फक्त कांहीं काळ दडवून ठेवला, कारण तो दडविल्याशिवाय तिला दारांत कोणी उभें करीना.

प्रथम तो बोलपट पाहूं, ज्यानें तिला एका रात्रींत नांव मिळवून दिलें. १९५६ च्या फेब्रुवारींत ख्रुश्चेव्हनें पक्षाच्या विसाव्या अधिवेशनांत स्टालिनच्या कृत्यांचा पाढा वाचला. त्याच वर्षाच्या २९ डिसेंबरला 'कार्निव्हलची रात्र' हा बोलपट रशियन प्रेक्षकांपुढें आला. दिग्दर्शक एल्दार रियाझानोव्ह हा तेव्हां अवघा एकोणतीस वर्षांचा होता आणि नायिका एकवीस वर्षांची. मॉस्कोच्या चित्रपट-महाविद्यालयांत सेर्गेइ गेरासिमोव्ह आणि तामारा माकारोव्हा या नामांकित पतिपत्नींच्या हाताखालीं ती अजून शिकतच होती. कथानक पाहूं गेल्यास क्षुल्लक आहे. एका संस्कृति-भवनांत नववर्षाच्या आदल्या रात्रीं करमणुकीचा कार्यक्रम व्हावयाचा आहे. तेथें नुकताच नेमलेला हंगामी संचालक ओगुर्त्सोव्ह याला करमणूक मुळींच नको असें नाहीं. पण ती गंभीर असली पाहिजे असा त्याचा आग्रह! म्हणून आरंभीं त्याचें स्वतःचें भाषण, मग मंगळावर जीवसृष्टि आहे काय या विषयावर एका विद्वानाचें व्याख्यान, विदूषकांच्या संवादांतील विनोद काढून टाकून उरलेला मजकूर, आणि तरुणांच्या वाद्यवृंदाऐवजीं वयस्कर मंडळींचें वादन. लेना क्रिलोव्हा ही तरुण कार्यकर्ती आपल्या सोबत्यांच्या मदतीनें हा सगळा बेत उधळून लावते. व्याख्याता महाशय मद्य पिऊन व्यासपीठावर येतात. पांढऱ्या दाढ्यांचे वृद्ध वादक म्हणून जे येऊन बसतात ते दाढ्या फेंकून देऊन जाझ वाजवूं लागतात.

ओगुर्त्सोव्हची भूमिका इगोर इल्यीन्स्की या जुन्या, मुरलेल्या विनोदी नटानें केली आहे, आणि ती इतकी अचूक वठली आहे कीं असा संचालक प्रत्येक वाचकानें आपापल्या कचेरींत एकदां तरी पाहिलेला असेल. वाद्यवृंद होता तो एडी रोझनेर याचा. या वादकास १९४६ मध्यें अटक झाली होती आणि १९५४ मध्यें तो सैबेरियाच्या पलीकडील बंदिवासांतून सुटून आला होता. खोट्या दाढ्या फेंकून कर्णे तोंडाला लावणारी तीं माणसें पाहतांना ही गोष्ट लक्षांत असलेली बरी. मग त्या पोरखेळाचा रंग थोडा बदलतो. आणि या साऱ्यांच्या मध्यें ती काळ्या पोषाखांतील, चिमुकल्या कमरेची मुलगी, मोठ्या घड्याळाखालीं उभी राहून बारा वाजावयास उरलेल्या पांच मिनिटांवरचें गाणें म्हणते. आनातोली लेपिन यानें चाल लाविलेलें हें गाणें लवकरच देशभर लोकांच्या तोंडीं बसलें. त्या वर्षीं सुमारें ४ कोटी ८६ लक्ष लोकांनीं हा बोलपट पाहिला. याच प्रेक्षकांनीं दोन वर्षांपूर्वीं, १९५४ मध्यें, मुंबईच्या राज कपूरचा 'आवारा' असाच डोक्यावर घेतला होता. गाण्याची आणि हंसण्याची भूक किती दिवसांची होती, हें यावरून दिसून येईल.

आतां ही मुलगी इतकें हलकें, इतकें उडतें हंसावयास कोठें शिकली? सुखवस्तु घरांत, असें कोणी म्हणेल. वस्तुस्थिति नेमकी उलट आहे. तिचे वडील मार्क गाव्रिलोविच हे खेड्यांतून आलेले, बायान नांवाची रशियन बाजाची पेटी वाजविणारे गृहस्थ. सणासमारंभांस लोकांची करमणूक करणें हा त्यांचा व्यवसाय आणि पत्नी येलेना त्यांना त्यांत साहाय्य करी. १९४१ च्या ऑक्टोबरांत जर्मन सैन्यानें खारकोव्ह घेतलें. वडील आघाडीवर गेले होते. आई आणि सहा वर्षांची पोर शहरांत अडकल्या. तें शहर कायमचें सुटलें १९४३ च्या ऑगस्टमध्यें. मधल्या काळांत उपासमार होती, भर चौकांत फांशीं दिलेलीं माणसें होतीं. ही पोर सैनिकांच्या स्वयंपाकघराशीं जाऊन गाणीं म्हणे, नाचून दाखवी, आणि मिळालेलें उष्टेंमाष्टें आईस आणून देई. हें सर्व तिनेंच 'माझें प्रौढ बालपण' या पुस्तकांत लिहून ठेविलें आहे.

या पुस्तकाविषयीं दोन शब्द लिहिल्यावांचून पुढें जाववत नाहीं. नटनट्यांचीं आत्मचरित्रें आम्ही सहसा वाचीत नाहीं. त्यांत सत्कारसमारंभांच्या याद्या फार असतात. हें पुस्तक निराळें आहे. त्यांतील खरा नायक म्हणजे ते पेटीवाले वडील. त्यांची रशियन-युक्रेनियन मिसळीची, व्याकरणाला न जुमानणारी बोली लेखिकेनें जशीच्या तशी कागदावर उतरविली आहे आणि ती भाषांतरांतही पुरती मरत नाहीं. पोरगी जन्मास आली त्या क्षणापासून ती मोठी नटी होणार याविषयीं त्या माणसास शंका म्हणून नव्हती. दुःखाचें वर्णन करतांना लेखिका गळा काढीत नाहीं. उलट जेथें प्रसंग सर्वांत भीषण तेथें तिला कांहींतरी हंसण्याजोगें दिसतें आणि तें ती सांगून टाकते. तेव्हां तिचें हास्य दुःखाच्या अगोदरचें नव्हे, नंतरचें आहे. 'कार्निव्हलच्या रात्रीं'ची लेना हंसत होती ती जगाचा अनुभव नसल्यामुळें नव्हे. परंतु पडद्यावर कमरेचा घेर दिसतो, खारकोव्ह दिसत नाहीं. आणि जें दिसत नाहीं तें टीकाकारांस कोण दाखविणार?

कीर्ति डिसेंबरांत आली. पुढील वर्षींच तिचें उट्टें निघालें. १९५७ मध्यें 'कोम्सोमोल्स्काया प्राव्दा' या तरुणांच्या वर्तमानपत्रांत तिच्याविरुद्ध एक उपहासात्मक लेख प्रसिद्ध झाला. त्याच्या मथळ्यांत तिच्या टपटप पदन्यासाचा उल्लेख होता आणि तो 'डावीकडे' चालला आहे असें म्हटलें होतें. रशियन भाषेंत एखादें काम डावीकडचें म्हणजे हिशेबाबाहेरचें, चोरून पैसे घेऊन केलेलें. तात्पर्य, ही विद्यार्थिनी सरकारी परवानगीवांचून ठिकठिकाणीं गाऊन वरकड पैसे मिळविते असा आरोप. पुढें उतारवयांत लिहिलेल्या आठवणींत तिनें असेंही सांगितलें आहे कीं, त्याच वर्षीं मॉस्कोंत भरलेल्या युवक-महोत्सवांत परदेशी पाहुण्यांवर पाळत ठेवून खबरा देण्याचें काम तिला सांगण्यांत आलें आणि तिनें तें नाकारलें. या दोन गोष्टींचा एकमेकींशीं संबंध काय तो वाचकांनींच ठरवावा. पैसे तिनें घेतलेही असतील. तसे घेणारे इतर अनेक होते. लक्षांत घेण्यासारखा आहे तो लेखाचा सूर. त्यांत एका पोरीनें कांहीं रुबल घेतले यापेक्षां तिनें हंसतहंसत लोकप्रिय व्हावें याचाच संताप अधिक आहे. बोलपटांत हरलेला ओगुर्त्सोव्ह बोलपटाबाहेर जिंकला, असें आम्हांस वाटतें.

यानंतर काय झालें? १९५८ मध्यें 'गिटारवाली मुलगी' हा आणखी एक संगीत बोलपट आला आणि गेला. पुढें पंधरा वर्षें म्हणण्यासारखें कांहीं नाहीं. नाहीं म्हणजे काम नव्हतें असें नव्हे. लहानसहान कामें होतीं, 'सोव्रेमेन्निक' नाटकगृहांत कांहीं वर्षें नोकरी होती, तेथें सिरानोच्या नाटकांतील रोक्साना तिनें केली. आणि लांबलांबच्या गांवीं जाऊन तेंच पांच मिनिटांचें गाणें म्हणणें होतें. पण या काळांतील एका कामाची नोंद केलीच पाहिजे. १९६५ मध्यें व्लादिमीर व्हेंगेरोव्ह यानें 'कामगार वस्ती' नांवाचा बोलपट काढला. युद्धांत आंधळा होऊन परतलेला आणि दारूच्या आहारीं गेलेला एक कामगार ओलेग बोरिसोव्ह यानें रंगविला असून त्याची बायको मारिया हिचें काम गुर्चेंकोबाईंनीं केलें आहे. तो चेहरा पाहून कोणीही थबकावें. पुढें तिच्या ज्या गुणांची वाखाणणी झाली ते सर्व गुण येथें, आठ वर्षें अगोदर, उघड्यावर पडलेले आहेत. कोणीं ते उचलले नाहींत, कारण ती 'गिटारवाली' होती. टीकाकारांची अभिरुचि किती स्वतंत्र असते, याचा याहून चांगला पुरावा आम्हांस ठाऊक नाहीं.

दार उघडलें तें १९७३ मध्यें. लेनिनग्राडचा दिग्दर्शक व्हिक्तर त्रेगुबोविच यानें 'जुन्या भिंती' या बोलपटांत तिला कापडगिरणीच्या संचालिकेचें काम दिलें. आना गेओर्गियेव्ना ही मध्यम वयाची, एकाकी, कामांत बुडालेली बाई. केंस घट्ट बांधलेले, पोषाख करडा, चाल जड, आवाज खालचा. सर्वांनीं एकमुखानें म्हटलें, पाहा, ही तर खरी नटी निघाली! १९७६ मध्यें रशियन गणराज्याचें राज्यपारितोषिकही या कामास मिळालें. काम उत्कृष्ट आहे, यांत वाद नाहीं. पण आम्हांस तें पाहतांना सतत एका गोष्टीची जाणीव होत राहिली. ती ही कीं, ही बाई अत्यंत सावध आहे. आपलें पाऊल चुकून तालावर पडेल कीं काय याची तिला भीति वाटते आहे. व्यक्तिरेखेस ती सावधगिरी शोभते, म्हणून निभावतें. तरी गाणारा गळा, नाचणारे पाय आणि हंसणारे डोळे हीं सर्व घरीं ठेवून आली म्हणून जिला आंत घेतलें, तिचें स्वागत पूर्ण झालें असें कसें म्हणावें? विशेष हें कीं, याच सुमारास, १९७४ मध्यें, दूरचित्रवाणीसाठीं केलेल्या 'गवती टोपी' या लाबीशच्या फ्रेंच प्रहसनाच्या रूपांतरांत तीच बाई टोप्या विकणारी क्लारा होऊन मनसोक्त बागडत होती. गंभीर टीकाकारांनीं त्याकडे काणाडोळा केला. प्रेक्षकांनीं केला नाहीं.

यापुढें जीं पांचसहा वर्षें आलीं त्यांत तिची खरी थोरवी आहे. त्यांतील दोन बोलपटांविषयींच आम्ही विस्तारानें लिहिणार आहों.

पहिला 'युद्धाविना वीस दिवस' हा अलेक्सेइ गेर्मान याचा, १९७६ सालचा. कथा कोन्स्तान्तिन सिमोनव्ह याची असून पडद्यामागून निवेदनही त्याच्याच आवाजांत आहे. लोपातिन नांवाचा युद्धवार्ताहर १९४२ च्या अखेरीस वीस दिवसांच्या रजेवर, आघाडीपासून दूर ताश्कंदला येतो. तेथें नीना नांवाच्या एका स्त्रीशीं त्याची ओळख वाढते. आणि रजा संपतांच तो परत जातो. एवढेंच. लोपातिनचें काम कोणास दिलें असेल? युरी निकूलिन यास. हा गृहस्थ मॉस्कोच्या सर्कशींतील विदूषक; साऱ्या रशियाला हंसविणारा; आणि स्वतः प्रत्यक्ष युद्धांत वर्षानुवर्षें सैनिक म्हणून राहिलेला. म्हणजे रशियन चित्रपटसृष्टींतील अत्यंत रुक्ष, अत्यंत प्रामाणिक अशा या युद्धकथेंतील प्रेमिक एक विदूषक आहे आणि प्रेमिका एक नाचरी-गाती नटी आहे! गेर्मानचा हा कौल आमच्या दृष्टीनें शंभर टीकालेखांच्या तोलाचा आहे.

दोघेंही येथें हंसवीत नाहींत. तरी हंसविण्याची ज्यांस संवय आहे अशा माणसांच्या चेहऱ्यावर, तें थांबविल्यावर, जी एक रिकामी जागा उरते ती कॅमेऱ्यानें बरोबर पकडली आहे. नीना तरुण नाहीं, तिचें लग्न मोडलें आहे, खोल्यांत थंडी आहे, सर्वत्र माणसांची दाटी आहे. ती लोपातिनकडे पाहते तेव्हां त्या पाहण्यांत आर्जव नाहीं कीं लाज नाहीं. वीस दिवसांत जेवढें मिळेल तेवढें घ्यावें, असा एक समजूतदार हिशेब आहे. नटीनें या भूमिकेंत एकाही ठिकाणीं आमची कींव मागितली नाहीं. आमच्याकडील कित्येक करुणरसप्रधान बोलपट पाहून ज्यांचे रुमाल भिजले असतील त्यांनीं कोरड्या रुमालानें हा बोलपट पाहावा आणि मग कोणता अधिक काळ मनांत राहतो तें सांगावें.

दुसरा 'पांच सायंकाळी'. अलेक्सांद्र व्होलोदिन याचें हें नाटक १९५९ मध्यें लेनिनग्राडला तोव्स्तोनोगोव्ह यानें रंगभूमीवर आणून गाजविलें होतें. १९७८ मध्यें निकिता मिखाल्कोव्ह यानें, 'ओब्लोमोव्ह'चें चित्रण ऋतूच्या प्रतीक्षेंत थांबलें असतां, महिनाभराच्या आंत त्याचा बोलपट केला. घाईचें काम सहसा कच्चें राहतें. हें राहिलें नाहीं. कथेचा काळ तोच, जेव्हां गुर्चेंको पांच मिनिटांचें गाणें म्हणत होती, म्हणजे १९५० नंतरच्या दशकाची अखेर. स्तानिस्लाव ल्यूब्शिन याचा इलिन हा युद्धापूर्वीं तामाराचा प्रियकर होता. मध्यें युद्ध आलें आणि तो परतलाच नाहीं. मेला म्हणून नव्हे, आलाच नाहीं. सतराअठरा वर्षांनीं तो एका संध्याकाळीं तिच्या दारांत उभा राहतो. तामारा आतां कारखान्यांत कामगारांवर देखरेख करते, भाच्यास वाढविते. आपलें फार उत्तम चाललें आहे, काम जबाबदारीचें आहे, लोक मान देतात, हें ती त्यास पुनःपुनः ऐकविते. तोही आपण मोठा इंजिनीअर असल्याची थाप मारतो. दोघें एकमेकांशीं खोटें बोलतात, तें एकमेकांस फसविण्यासाठीं नव्हे. इतकीं वर्षें फुकट गेलीं असें दुसऱ्यास कळूं नये म्हणून.

या भूमिकेंतील कलाकुसर नीट पाहण्याजोगी आहे. तामारा बोलते ती वर्तमानपत्राच्या अग्रलेखाची भाषा. ठरीव वाक्यें, सभेंत उभें राहून म्हणावयाचीं. या वाक्यांवर हंसूं येतें, आणि नटी तें हंसूं येऊं देते. ती तामाराला थोडी हास्यास्पद करावयास भीत नाहीं. येथेंच तिच्यांतील जुनी विनोदी नटी कामास आली आहे. गंभीर भूमिकांचीच संवय असलेल्या एखाद्या नटीनें या बाईस पहिल्यापासून हुतात्मा करून टाकलें असतें. गुर्चेंको तिला आधीं हट्टी, तिरसट, कांहींशी चमत्कारिक दाखविते. वाक्याच्या मध्यें मान ताठ करून थांबते. प्रसंगाचा वेग कोठें वाढवावा, कोठें अर्धा श्वास अडवावा, हें ती एखाद्या तालबद्ध पदन्यासाप्रमाणें मोजून करते. आणि मग तीं ठरीव वाक्यें एकेक गळून पडूं लागतात. सारा बोलपट बिनरंगी आहे. केवळ अखेरीस, जेव्हां तो दमलेला पुरुष तिच्या मांडीवर डोकें ठेवून निजतो आणि ती त्याच्याशीं, त्याहूनही स्वतःशीं, पुढें काय काय करावयाचें तें हळूहळू बोलूं लागते, तेव्हां पडद्यावर अगदीं नकळत रंग उतरूं लागतो. ती नुसता संसाराचा बेत बोलते आहे. त्या बेताच्या शेवटीं फक्त युद्ध होऊं नये एवढें ती म्हणते. आवाज चढत नाहीं, डोळे भरून येत नाहींत. सहा वर्षांची असतांना खारकोव्हच्या रस्त्यांत जें पाहिलें, तें जिनें पाहिलें तीच तें वाक्य इतक्या साधेपणानें म्हणूं शकते, असें आम्ही म्हणणार होतों. पण नुसतें पाहून कोणी नट होत नाहीं. तें वाक्य तिला म्हणतां आलें, कारण शब्दाचें वजन किती ठेवावें हें तिला गाण्यानें शिकविलें होतें.

हें सर्व होत असतां तिचे पाय थांबले नव्हते. 'मामा' या संगीत बोलपटाच्या चित्रणांत १९७६ मध्यें बर्फावर नाचतांना तिचा पाय मोडला. तरी त्यानंतर ती आयुष्यभर नाचत राहिली. १९७८ मध्यें, म्हणजे 'पांच सायंकाळीं'च्याच वर्षीं, दूरचित्रवाणीवर येवगेनी गिन्झबुर्ग यानें तिच्या नांवानें एक संपूर्ण कार्यक्रम केला. त्यांत ती नाना सोंगें घेऊन गाते व नाचते. आम्हांस त्यांतील झगमगाट थोडा अति वाटतो. पण पोशाखी चित्रपटसृष्टीनें जें तिच्यापासून हिरावून घेतलें होतें तें त्या लहानशा पेटींतल्या पडद्यानें तिला परत दिलें, हें मान्य केलें पाहिजे. १९८० मध्यें त्याच पडद्यावर तिनें युद्धकाळांतील गाणीं सादर केलीं. तेथें नटी कोठें संपते आणि गायिका कोठें सुरू होते तें सांगणें कठीण आहे. एकीकडे झगमगाट आणि दुसरीकडे युद्धाचीं गाणीं! ज्यांस तिच्या आयुष्याचे दोन कप्पे करावयाचे आहेत त्यांनीं हीं दोन कामें कोणत्या कप्प्यांत टाकावयाचीं तें आम्हांस सांगावें.

१९८३ मध्यें प्रदर्शित झालेला 'दोघांसाठीं एक स्थानक' हा रियाझानोव्हचाच बोलपट. ज्यानें तिला प्रथम उभें केलें त्यानेंच सव्वीस वर्षांनीं तिला पुन्हां बोलाविलें, हें त्याच्या पदरीं पुण्य म्हणून जमा असो. ती रेल्वे-स्थानकावरील उपाहारगृहांत वाढणारी व्हेरा. ओलेग बासिलाश्विली हा एक पियानोवादक, जो जेवणाच्या पैशांवरून झालेल्या तंट्यांत गाडी चुकतो आणि तेथेंच अडकून पडतो. व्हेरा भांडखोर आहे, फटकळ आहे, ओठ रंगविलेली आहे, आणि क्षणांत गहिंवरणारी आहे. येथें गंमत आणि वेदना वेगळ्या करतांच येत नाहींत. शेवटीं तुरुंगांतून एका रात्रीची मोकळीक मिळालेला तो वादक आणि ती, दोघें पहाटे बर्फांतून धांवत वेळेवर परतूं पाहतात. उशीर होतो, पाय चालत नाहींत. तेव्हां तो बर्फांतच बसून बरोबर आणलेली बाजाची पेटी वाजवूं लागतो, म्हणजे हजेरी घेणाऱ्यांस ऐकूं जावें कीं कैदी पळाला नाहीं. आणि ती त्याच्या पाठीला पाठ लावून त्याला आधार देते. पेटी वाजविणाऱ्या बापाची ही मुलगी! रियाझानोव्हनें हें मनांत धरून केलें असो वा नसो, तो प्रसंग पाहतांना मार्क गाव्रिलोविच आम्हांस आठवले खरे.

त्याच १९८३ सालीं सोव्हिएट संघराज्याची 'लोककलावंत' ही सर्वोच्च पदवी तिला मिळाली. पुढील वर्षीं व्लादिमीर मेन्शोव्हच्या 'प्रेम आणि कबुतरें' या बोलपटांत तिनें राइसा झाखारोव्ह्ना नांवाची शहरी, फसव्या विद्वत्तेची बाई अशी कांहीं रंगविली कीं हंसून हंसून पुरेवाट होते. उतारवयाविषयीं फार लिहूं नये. संघराज्य मोडलें, चित्रपटगृहें ओस पडलीं. ती पिसांचे तुरे आणि चमकीचे पोषाख घालून दूरचित्रवाणीवर येत राहिली. त्यांत कित्येकदां स्वतःचीच नक्कल होती. २००६ च्या अखेरीस रियाझानोव्हनें 'कार्निव्हलची रात्र' याचा पन्नास वर्षांनंतरचा दुसरा भाग काढला. त्यांतही ती आहे. तो काढला नसता तर बरें झालें असतें. उलट २००९ मध्यें तिनें स्वतः सहदिग्दर्शन केलेल्या 'रंगीबेरंगी संधिप्रकाश' या बोलपटांत, एका अंध तरुण वादकाची कथा सांगतांना, मांडणी सैल असली तरी कळकळ खोटी नाहीं. तिचीं लग्नें किती झालीं, तिनें वय कसें लपविलें, यांवर तिकडील पत्रांनीं पानेंच्या पानें भरलीं आहेत. आमच्या वाचकांस त्यांवांचून कांहीं अडणार नाहीं.

रशियन येत नसलें तरी इंग्रजी ओळींच्या साहाय्यानें हे बोलपट पाहतां येतात, आणि घरांतील सर्व मंडळींनीं एकत्र बसून पाहावे असेच ते आहेत. ज्यांस एकच पाहावयाचा असेल त्यांनीं 'पांच सायंकाळी' पाहावा. ज्यांस सवड असेल त्यांनीं त्याच आठवड्यांत 'कार्निव्हलची रात्र' पाहावी; पण ती नंतर, आधीं नव्हे.